माधव श्रीहरी अणे

माधव श्रीहरी अणे (२९ ऑगस्ट १८८० – २६ जानेवारी १९६८) हे यवतमाळ जिल्ह्यातील वणी येथे जन्मलेले स्वातंत्र्यसेनानी, कायदेपंडित, संसदपटू आणि संस्कृत कवी होते. लोकनायक बापूजी अणे या नावाने ते ओळखले जातात. लोकमान्य टिळकांच्या अनुयायांत त्यांची गणना होते. वऱ्हाड प्रांतिक काँग्रेसचे अध्यक्ष, काँग्रेसचे कार्यवाहक अध्यक्ष, व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळाचे सदस्य, सिलोनमधील हिंदुस्थान सरकारचे प्रतिनिधी, बिहारचे राज्यपाल आणि नागपूरचे लोकसभा सदस्य अशी पदे त्यांनी भूषविली. त्यांच्या सार्वजनिक आयुष्याच्या काळात दोन महायुद्धे झाली आणि प्रत्येक युद्धानंतर हिंदी समाजाचे रूप पालटले. पहिल्या महायुद्धानंतर राजकारण सुशिक्षितांच्या सभांतून खेड्यापाड्यांत पोहोचले. दुसऱ्या महायुद्धानंतर परकी सत्ता गेली आणि भाषा, प्रदेश व जमीन यांचे प्रश्न नव्याने पुढे आले. या दोन्ही स्थित्यंतरांत अणे प्रत्यक्ष सहभागी होते. काही वेळा ते प्रवाहाच्या अग्रभागी होते, तर काही वेळा त्याच्या विरुद्ध दिशेला उभे होते.

पार्श्वभूमी

अण्यांच्या जन्माच्या वेळी वणी हे वऱ्हाडातील एका जिल्ह्याचे नाव होते. या जिल्ह्याचे मुख्य ठाणे यवतमाळ होते आणि १९०५ मध्ये जिल्ह्यालाही यवतमाळ हे नाव मिळाले. वऱ्हाड प्रांताची राजकीय स्थिती चमत्कारिक होती. नाममात्र सार्वभौमत्व हैदराबादच्या निजामाचे आणि प्रत्यक्ष कारभार इंग्रजांचा, अशी ती व्यवस्था होती. १९०२ मध्ये निजामाने हा प्रांत कायमच्या पट्ट्याने इंग्रजांकडे सोपविला आणि पुढील वर्षी तो मध्य प्रांताला जोडण्यात आला. कायद्याच्या दृष्टीने वऱ्हाड हा ब्रिटिश मुलूख नव्हता. त्यामुळे विधिमंडळासाठी निवडून आलेल्या वऱ्हाडच्या प्रतिनिधीची सरकारकडून पुन्हा औपचारिक नेमणूक करावी लागे.

या प्रदेशाचे अर्थकारण कापसाभोवती फिरत होते. काळ्या जमिनीतील कापूस जिनिंग व प्रेसिंग कारखान्यांतून मुंबईला आणि तेथून परदेशी जात असे. मूर्तिजापूर ते यवतमाळ हा अरुंद मापाचा लोहमार्ग याच व्यापारासाठी विसाव्या शतकाच्या आरंभी सुरू झाला. पुढे तो ‘शकुंतला’ या नावाने लोकांच्या तोंडी बसला. परदेशी बाजारातील भावाची चढउतार थेट वऱ्हाडी शेतकऱ्याच्या घरात जाणवत असल्याने युरोपातील युद्धाचे परिणामही येथे लवकर उमटले. जिल्ह्याच्या दक्षिण व पूर्व भागांत मोठी जंगले होती. गोंड, कोलाम, आंध व बंजारा समाजांचे जीवन या जंगलांशी निगडित होते.

शिक्षण व प्रारंभीचे जीवन

अण्यांच्या घरी संस्कृत अध्ययनाची परंपरा होती आणि ही आवड त्यांच्यात अखेरपर्यंत टिकली. नागपूरच्या मॉरिस महाविद्यालयातून त्यांनी पदवी घेतली. त्यानंतर काही वर्षे त्यांनी अमरावती येथे शिक्षक म्हणून काम केले आणि त्याच काळात कायद्याचा अभ्यास पूर्ण केला. १९०८ मध्ये त्यांनी यवतमाळ येथे वकिली सुरू केली. त्याच वर्षी टिळकांना राजद्रोहाच्या आरोपावरून सहा वर्षांची शिक्षा होऊन मंडाले येथे पाठविण्यात आले. वऱ्हाडातील राष्ट्रीय पक्षाचे नेतृत्व त्या काळी अमरावतीचे दादासाहेब खापर्डे यांच्याकडे होते. तरुण वकील अणे या पक्षात सामील झाले.

पहिले महायुद्ध आणि होमरूल चळवळ

१९१४ मध्ये टिळक सुटून आले, तेव्हा युरोपात महायुद्धाला तोंड फुटत होते. युद्धासाठी हिंदुस्थानातून सैन्य, धान्य व पैसा यांची मागणी होऊ लागली. या साहाय्याच्या मोबदल्यात स्वराज्याचे हक्क मागावेत, या भूमिकेतून टिळकांनी एप्रिल १९१६ मध्ये बेळगाव येथे होमरूल लीगची स्थापना केली. लीगच्या सहा शाखांपैकी दोन एकट्या वऱ्हाडात होत्या. यावरून या प्रांतातील टिळकपक्षाच्या बळाची कल्पना येते. यवतमाळ जिल्ह्यात या चळवळीची धुरा अण्यांनी वाहिली. व्याख्याने, वर्गणी आणि वृत्तपत्रीय लेखन यांतून स्वराज्याची कल्पना तालुक्याच्या गावांपर्यंत नेण्याचा हा प्रयत्न होता. याच सुमारास यवतमाळ येथून ‘लोकमत’ हे साप्ताहिक निघू लागले. त्याच्या उभारणीत अण्यांचा प्रमुख वाटा होता. स्वातंत्र्यानंतर जवाहरलाल दर्डा यांनी याच नावाने पत्र पुन्हा सुरू केले आणि १९७१ मध्ये नागपूर येथून त्याचे दैनिक झाले.

युद्ध संपता संपता महागाई, अवर्षण आणि १९१८ ची इन्फ्लुएंझाची साथ अशी संकटे एकामागून एक आली. या साथीत सर्वाधिक मनुष्यहानी झालेल्या प्रांतांत मध्य प्रांत व वऱ्हाडाचा समावेश होता. युद्धात साहाय्य केल्यावर स्वराज्य मिळेल ही अपेक्षा लोकांच्या मनात होती. प्रत्यक्षात १९१९ च्या सुधारणांतून प्रांतिक कारभारातील थोडी खाती तेवढी मिळाली आणि त्याच वर्षी रौलट कायदा व जालियनवाला बागेतील हत्याकांड घडले. अपेक्षाभंगाच्या या वातावरणात राजकारणाचा पायाच बदलू लागला.

टिळकयुगानंतर

१ ऑगस्ट १९२० रोजी टिळकांचे निधन झाले. त्याच वर्षी डिसेंबरात नागपूर येथे भरलेल्या काँग्रेस अधिवेशनात महात्मा गांधींचा असहकाराचा कार्यक्रम मान्य झाला. काँग्रेसच्या प्रांतिक समित्या भाषेच्या पायावर रचण्याचा निर्णयही येथेच झाला. इंग्रजी जाणणाऱ्या वकिलांच्या व डॉक्टरांच्या पुढारीपणाची जागा आता चरखा, खादी, प्रांतभाषा आणि चार आण्यांचे सभासदत्व यांनी घेतली.

वऱ्हाडातील टिळकानुयायांपुढे पेच उभा राहिला. विधिमंडळांवर बहिष्कार घालणे त्यांतील अनेकांना पटत नव्हते. मिळालेल्या अधिकारांचा उपयोग करून अधिक अधिकारांसाठी झगडावे, ही टिळकांची शिकवण असल्याचे ते मानीत. अण्यांचा कलही याच बाजूला होता. तरीही त्यांनी काँग्रेस सोडली नाही. १९२१ पासून १९३० पर्यंत ते वऱ्हाड प्रांतिक काँग्रेसचे अध्यक्ष होते. पुढे स्वराज्य पक्षाच्या वतीने ते केंद्रीय विधिमंडळात वऱ्हाडचे प्रतिनिधी म्हणून गेले. स्वराज्य पक्षाचे अडवणुकीचे धोरण अपुरे वाटल्याने न. चिं. केळकर, मु. रा. जयकर आणि डॉ. बा. शि. मुंजे यांच्यासह त्यांनी प्रतियोगी सहकारितेचा मार्ग धरला. या विचाराचा पक्ष १९२६ मध्ये अकोला येथे आकाराला आला.

१९२८ मध्ये हिंदुस्थानच्या भावी राज्यघटनेचा आराखडा तयार करण्यासाठी पंडित मोतीलाल नेहरूंच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली. अणे तिचे सदस्य होते. त्याच वर्षी ग्वाल्हेर येथील मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांना लाभले. शिंद्यांच्या संस्थानात, हिंदी भाषक प्रदेशात भरलेल्या या संमेलनाचे अध्यक्षपद वऱ्हाडातील एका वकिलाकडे जावे, ही गोष्ट मराठी सांस्कृतिक जीवनाचा विस्तार दाखविणारी होती.

जंगल सत्याग्रह

१९३० मध्ये गांधीजींनी मिठाच्या सत्याग्रहाची घोषणा केली. वऱ्हाडाला समुद्रकिनारा नसल्यामुळे अकोला जिल्ह्यातील दहिहंडा येथे खाऱ्या पाण्यापासून मीठ तयार करण्यात आले. मात्र खेड्यातील माणसाला रोजच्या जगण्यात जाचणारा कायदा जंगलाचा होता. राखीव जंगलांमुळे गुरांची चराई, गवत, सरपण आणि घरबांधणीचे लाकूड यांवर बंधने आली होती. पूर्वापार वहिवाटीने मिळणाऱ्या वस्तूंसाठी परवाना आणि शुल्क द्यावे लागे, आणि चूक झाल्यास दंड भरावा लागे. १९२७ च्या वन कायद्याने ही चौकट अधिक पक्की केली होती.

अणे विधिमंडळाच्या कामातून बाहेर पडून सत्याग्रहात उतरले. १० जुलै १९३० रोजी पुसद येथे त्यांनी राखीव जंगलातील गवत कापून कायदेभंग केला. त्यांना अटक होऊन कारावासाची शिक्षा झाली. त्यानंतर जिल्ह्यात सत्याग्रहींच्या तुकड्या निघत राहिल्या. २१ जुलै रोजी यवतमाळजवळील जंगलात डॉ. केशव बळिराम हेडगेवार यांनीही सत्याग्रह करून शिक्षा भोगली. मध्य प्रांत व वऱ्हाडाच्या अन्य भागांतही जंगल सत्याग्रह पसरला आणि त्यात शेतकऱ्यांबरोबर आदिवासी समाजानेही भाग घेतला. घटनात्मक मार्गाचा पुरस्कर्ता असलेला पन्नाशीतील कायदेपंडित हातात विळा घेऊन जंगलात शिरला, यावरून महायुद्धानंतरच्या दशकात राजकारणाची भाषा किती बदलली होती ते स्पष्ट होते.

काँग्रेसमधील नेतृत्व व मतभेद

गांधी–आयर्विन करारानंतर अणे काँग्रेसच्या कार्यकारिणीत होते. बंगालमध्ये सुभाषचंद्र बोस व जतींद्रमोहन सेनगुप्त यांच्या गटांत वाद निर्माण झाला, तेव्हा १९३१ मध्ये लवाद म्हणून अण्यांची निवड झाली. दोन्ही गटांना ते निःपक्षपाती वाटत होते. १९३३ मध्ये बहुतेक नेते तुरुंगात असताना काँग्रेसच्या कार्यवाहक अध्यक्षपदाची जबाबदारी त्यांच्यावर आली. मे महिन्यात गांधीजींनी एकवीस दिवसांचे उपोषण आरंभिले, त्या वेळी अण्यांनी कायदेभंग काही आठवड्यांसाठी तहकूब केला. जुलैमध्ये पुणे येथील कार्यकर्त्यांच्या बैठकीनंतर सामुदायिक कायदेभंग थांबवून वैयक्तिक सत्याग्रह चालू ठेवण्याचा निर्णय त्यांनी जाहीर केला. थकलेल्या चळवळीला विश्रांती हवी होती. तरी चालू लढा थांबविल्याची टीका त्यांच्या वाट्याला आली.

पुढील वर्षी ते काँग्रेसच्या अधिकृत धोरणापासून दूर गेले. ऑगस्ट १९३२ मध्ये ब्रिटिश पंतप्रधानांनी जातीय निवाडा जाहीर करून धर्म व समाज यांच्या आधारे स्वतंत्र मतदारसंघ दिले होते. त्यातील अस्पृश्य समाजाविषयीचा भाग सप्टेंबरमधील पुणे कराराने बदलला, परंतु उर्वरित निवाडा कायम राहिला. तो स्वीकारायचाही नाही आणि नाकारायचाही नाही, असे धोरण काँग्रेसने ठरविले. पंडित मदनमोहन मालवीय आणि अणे यांना हे तटस्थ धोरण अमान्य होते. स्वतंत्र मतदारसंघांनी राष्ट्राच्या एकतेला तडा जाईल असे त्यांचे मत होते. १९३४ मध्ये दोघांनी काँग्रेस नॅशनॅलिस्ट पक्ष स्थापन केला. त्या वर्षीच्या केंद्रीय विधिमंडळाच्या निवडणुकीत या पक्षाला विशेषतः बंगालमध्ये यश मिळाले. विधिमंडळात या पक्षाचे नेतृत्व अण्यांनी केले.

दुसरे महायुद्ध आणि कार्यकारी मंडळ

सप्टेंबर १९३९ मध्ये हिंदी प्रतिनिधींना न विचारता हिंदुस्थान युद्धात ओढला गेला. काँग्रेस मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले. जुलै १९४१ मध्ये व्हाइसरॉय लिनलिथगो यांनी आपल्या कार्यकारी मंडळाचा विस्तार करून हिंदी सदस्यांची संख्या वाढविली. अण्यांनी या मंडळाचे सदस्यत्व स्वीकारले आणि परदेशस्थ हिंदी लोकांचे खाते त्यांच्याकडे आले. ब्रह्मदेश व मलाया जपानच्या ताब्यात गेल्यावर तेथील लाखो हिंदी रहिवाशांचे स्थलांतर आणि पुनर्वसन हा मोठा प्रश्न निर्माण झाला. तो याच खात्याच्या कक्षेत येत होता.

मिळेल ते अधिकारपद लोकहितासाठी वापरावे, या जुन्या भूमिकेशी हा निर्णय सुसंगत होता. परंतु ऑगस्ट १९४२ मध्ये ‘छोडो भारत’ चळवळ दडपली जाऊ लागली, तेव्हा सरकारी मंडळातील हिंदी सदस्यांची स्थिती अवघड झाली. अण्यांच्या वणीला लागूनच असलेल्या चांदा जिल्ह्यात चिमूर येथे १६ ऑगस्ट १९४२ रोजी उठाव झाला आणि त्यानंतर फौजेकडून गावावर, विशेषतः स्त्रियांवर, अत्याचार झाल्याच्या तक्रारी आल्या. या प्रकाराची चौकशी व्हावी म्हणून सेवाग्राम आश्रमातील प्राध्यापक जयकृष्ण भणसाळी नोव्हेंबरमध्ये दिल्लीस अण्यांच्या निवासस्थानी गेले. त्यांनी अण्यांना चिमूरला भेट देण्याची विनंती केली. ती मान्य न झाल्याने भणसाळींनी तेथेच उपोषण सुरू केले. त्यांना अटक करून परत पाठविण्यात आले. पुढे त्यांनी दीर्घकाळ उपोषण चालविले आणि ते जानेवारी १९४३ मध्ये सुटले. स्वतःच्या मुलखातील लोकांच्या गाऱ्हाण्यापुढे अधिकारपद किती दुर्बळ ठरते, हे या प्रसंगाने उघड केले. अण्यांच्या चरित्रातील हा सर्वाधिक टीकेचा विषय आहे.

१० फेब्रुवारी १९४३ रोजी आगाखान पॅलेसमध्ये स्थानबद्ध असलेल्या गांधीजींनी एकवीस दिवसांचे उपोषण सुरू केले. त्यांची प्रकृती ढासळत असतानाही सरकारने त्यांना मुक्त करण्यास नकार दिला. त्या वेळी अणे, होमी मोदी आणि नलिनी रंजन सरकार या तिघांनी कार्यकारी मंडळाचे राजीनामे दिले. गांधीजींशी अण्यांचे मतभेद जुने होते. तरीही गांधीजींचे प्राण पणाला लागले असताना सरकारात राहणे त्यांना मान्य झाले नाही.

सिलोनमधील कार्य

१९४३ ते १९४७ या काळात अणे सिलोनमध्ये (आजचे श्रीलंका) हिंदुस्थान सरकारचे प्रतिनिधी होते. तेथील चहा व रबराच्या मळ्यांत पिढ्यान्पिढ्या राबणारे तमिळ मजूर लाखोंच्या संख्येने होते. मलाया पडल्यानंतर दोस्त राष्ट्रांना रबराचा पुरवठा करण्यात सिलोनचे महत्त्व वाढले होते. दुसरीकडे या मजुरांचा मताधिकार, नागरिकत्व व नोकरीची शाश्वती यांविषयी स्थानिक नेतृत्व प्रतिकूल होते. १९३९ मध्येच हिंदुस्थान सरकारने अकुशल मजुरांच्या सिलोनला जाण्यावर बंदी घातली होती. युद्ध संपून सिलोन स्वातंत्र्याच्या मार्गावर असताना हा वाद अधिक तीव्र झाला. अण्यांचा कार्यकाळ संपल्यानंतर, १९४८ च्या नागरिकत्व कायद्याने या मजुरांपैकी बहुसंख्य लोक कोणत्याच देशाचे नागरिक उरले नाहीत. साम्राज्य संपले की त्याच्या सोयीसाठी हलविलेल्या माणसांचे काय होते, याचे हे ठळक उदाहरण आहे.

बिहारचे राज्यपाल

सिलोनहून परतल्यावर अणे संविधान सभेचे सदस्य झाले. १२ जानेवारी १९४८ रोजी त्यांनी बिहारच्या राज्यपालपदाची सूत्रे हाती घेतली. त्यानंतर अठरा दिवसांनी गांधीजींची हत्या झाली. १९४६ च्या भीषण दंगलींच्या खुणा बिहारमध्ये अद्याप ताज्या होत्या. जून १९५२ पर्यंतच्या त्यांच्या कार्यकाळात श्रीकृष्ण सिंह हे तेथील मुख्यमंत्री होते.

या साडेचार वर्षांत बिहारमध्ये मोठे सामाजिक बदल घडले. जमीनदारी नष्ट करणारा १९५० चा कायदा पाटणा उच्च न्यायालयाने रद्द ठरविला. त्यानंतर १९५१ मध्ये राज्यघटनेची पहिली दुरुस्ती झाली आणि अशा कायद्यांना संरक्षण मिळाले. याच काळात राज्याने अन्नटंचाईला तोंड दिले आणि प्रौढ मताधिकारावरील पहिली सार्वत्रिक निवडणूकही पार पडली. सांस्कृतिक क्षेत्रात बिहार राष्ट्रभाषा परिषद, काशीप्रसाद जायसवाल संशोधन संस्था, दरभंग्याची संस्कृत संशोधन संस्था आणि नव नालंदा महाविहार यांची स्थापना झाली. स्वतंत्र राष्ट्र आपल्या प्राचीन विद्येकडे नव्या दृष्टीने पाहू लागल्याचे हे द्योतक होते. संस्कृत विद्येत रमणाऱ्या राज्यपालाला ही कामे मनाजोगी असणे स्वाभाविक होते.

विदर्भ राज्याचा आग्रह

स्वातंत्र्यानंतर भाषावार प्रांतरचनेची मागणी देशभर जोर धरू लागली. मराठी भाषकांचे एकच राज्य असावे, असे संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचे म्हणणे होते. अणे मराठी साहित्य संमेलनाचे माजी अध्यक्ष होते. तरीही एक भाषा म्हणजे एक राज्य हे समीकरण त्यांना मान्य नव्हते. विदर्भाचा इतिहास, अर्थव्यवस्था व प्रशासनाची घडण निराळी असून मुंबई–पुण्यापासून दूर असलेला हा प्रदेश मोठ्या राज्यात उपेक्षित राहील, अशी त्यांची भूमिका होती. ब्रिजलाल बियाणी यांच्यासह त्यांनी राज्य पुनर्रचना आयोगापुढे स्वतंत्र विदर्भाची बाजू मांडली. आयोगाने १९५५ च्या अहवालात विदर्भ राज्याची शिफारस केली, परंतु ती अमलात आली नाही. १९५६ मध्ये विदर्भ द्वैभाषिक मुंबई राज्यात गेला आणि नागपूरचे राजधानीपद संपले. १ मे १९६० रोजी तो महाराष्ट्राचा भाग झाला.

वयाच्या ऐंशीच्या उंबरठ्यावर अणे या प्रश्नासाठी पुन्हा निवडणुकीच्या रिंगणात उतरले. १९५९ च्या पोटनिवडणुकीत आणि १९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीत ते नागपूर मतदारसंघातून अपक्ष म्हणून लोकसभेवर निवडून आले. नाग विदर्भ आंदोलन समितीचा त्यांना पाठिंबा होता. १९६७ पर्यंत ते लोकसभेचे सदस्य होते.

साहित्य

अण्यांनी मराठी व इंग्रजीत विपुल लेखन व भाषणे केली, पण त्यांची सर्वांत महत्त्वाकांक्षी कृती संस्कृतात आहे. ‘श्रीतिलकयशोऽर्णवः’ हे लोकमान्य टिळकांच्या चरित्रावरील विस्तृत काव्य त्यांनी उतारवयात रचले. आधुनिक काळातील राजकीय घटना, खटले, अधिवेशने व वृत्तपत्रे हा विषय अभिजात संस्कृत छंदांत बांधण्याचा हा प्रयत्न होता. या ग्रंथाला १९७३ मध्ये साहित्य अकादमीचा संस्कृत भाषेसाठीचा पुरस्कार मरणोत्तर देण्यात आला.

मृत्यू व स्मृती

२६ जानेवारी १९६८ रोजी, प्रजासत्ताक दिनी, अण्यांचे निधन झाले. त्याच वर्षी भारत सरकारने त्यांना पद्मविभूषण हा किताब दिला. यवतमाळ येथील लोकनायक बापूजी अणे महिला महाविद्यालय त्यांच्या नावाने चालते. त्यांचे नातू, विधिज्ञ श्रीहरी अणे हे महाराष्ट्राचे महाधिवक्ता होते आणि स्वतंत्र विदर्भाचे पुरस्कर्ते म्हणून ओळखले जातात.

मूल्यमापन

अण्यांच्या भूमिकांत वरवर पाहता विसंगती दिसते. असहकाराविषयी शंका असूनही ते तुरुंगात गेले. काँग्रेसचे कार्यवाहक अध्यक्षपद भूषविल्यानंतर वर्षभरातच त्यांनी वेगळा पक्ष काढला. युद्धकाळात ते सरकारात गेले आणि तेथून राजीनामा देऊन बाहेर पडले. या सर्व निर्णयांमागे टिळकांकडून घेतलेले एक सूत्र होते. हाती येईल ते साधन वापरावे आणि ते निरुपयोगी ठरताच टाकून द्यावे, हे ते सूत्र होय. चिमूरच्या प्रसंगी त्याची मर्यादा दिसून आली, तर पुसदच्या जंगलात त्याचे सामर्थ्य प्रकट झाले. जंगलावरील गावकऱ्यांचा हक्क, स्थलांतरित मजुराचे नागरिकत्व आणि मोठ्या राज्यातील मागास प्रदेशाचा वाटा हे तिन्ही प्रश्न त्यांच्या हयातीत सुटले नाहीत. यवतमाळ जिल्ह्याच्या आणि देशाच्या सार्वजनिक जीवनात ते आजही चर्चिले जातात, आणि त्यामुळे अण्यांच्या चरित्राचा अभ्यास अजूनही उपयुक्त ठरतो.